उस्तादांची उजवी बाजू

मालकांनी केबिनमध्ये बोलावून "बसा" म्हटलं, तेव्हा उस्ताद खुर्चीच्या अगदी कडेवर टेकले. अठ्ठावीस वर्षं ते ह्या गाद्यांच्या कंपनीचा टेम्पो चालवत होते आणि अठ्ठावीस वर्षांत मालकांनी त्यांना उभ्याउभ्याच काय ते सांगितलं होतं. बसवून सांगण्यासारखं म्हणजे नक्कीच काहीतरी वाईट.

"उस्ताद, तुमचं लायसन्स शुक्रवारी संपतंय."

"शुक्रवारी ना? आज तर सोमवार आहे."

"शुक्रवारी संध्याकाळी नवं लायसन्स माझ्या टेबलावर नसलं, तर शनिवारपासून तुम्ही गोदामात. मला उगाच पोलिसांची लफडी नकोत."

गोदामात! उस्तादांच्या तोंडचं पाणीच पळालं. तसं गाद्यांच्या गोदामात वाईट काही नव्हतं. सावली होती, पंखा होता, पाठ टेकावी म्हटलं तर जिकडेतिकडे सोयच सोय. पण त्या गोदामाचा प्रमुख होता उस्तादांचा मेहुणा. ज्याला त्यांनी सायकल शिकवली, जो गणितात नापास झाला तेव्हा सासऱ्यांसमोर उभं राहून ज्याची बाजू घेतली, आणि पाच वर्षांपूर्वी मालकांची मनधरणी करून ज्याला इथं चिकटवलं, तोच हा मेहुणा. आता तो गळ्यात शिट्टी आणि कमरेला किल्ल्यांचा जुडगा लावून फिरायचा, आणि गोदामात पाऊल टाकणाऱ्या प्रत्येकाने आपल्याला 'साहेब' म्हणायचं असा त्याने नियम काढला होता. "नातं दाराबाहेर, भाऊजी," असं तो पहिल्याच दिवशी सांगून मोकळा झाला होता. त्या दिवसापासून उस्तादांनी गोदामात पाऊल टाकलेलं नव्हतं. गाद्या ते पायरीवर उभं राहून घेत. पाच वर्षं हा माणूस पायरीच्या वर गेला नाही, आणि आता रोज सकाळी आत जाऊन त्या पोराला साहेब म्हणायचं? त्यापेक्षा टेम्पोखाली गेलेलं बरं, असं उस्तादांना अगदी मनापासून वाटलं.

त्याच संध्याकाळी ते अर्जासाठी फोटो काढायला निघाले. बायको बरोबर आली, कारण शर्टाच्या बाबतीत तिचा त्यांच्यावर विश्वास नव्हता. फोटोवाल्याने फोटो काढला, छापला आणि कात्रीने कापून तिच्या हातात ठेवला. तिने तो दिव्याखाली धरला.

"हे कोण?"

"हेच," फोटोवाला उस्तादांकडे बोट दाखवत म्हणाला.

बायकोने अंगठ्याने अर्धा फोटो झाकला. "हा एवढा भाग ह्यांचा आहे." मग अंगठा सरकवला. "हा दुसऱ्या कुणाचा तरी लागलाय. मागच्या गिऱ्हाइकाचा राहिला असेल तुमच्या मशीनमध्ये."

आता ह्यात बायकोचा काही दोष नव्हता. टेम्पोचं स्टिअरिंग उजवीकडे, खिडकी उजवीकडे, आणि कंपनीचा रस्ता असा, की सकाळी माल घेऊन जाताना ऊन उजव्या बाजूला आणि दुपारी रिकामं परतताना सूर्य फिरून पुन्हा उजव्याच बाजूला. अठ्ठावीस वर्षं त्या एका बाजूने ऊन खाल्लं होतं. उजवा गाल काळवंडून जुन्या चपलेसारखा झाला होता, डोळ्याच्या कडेला सुरकुत्यांचं जाळं, कपाळाच्या उजव्या कोपऱ्यात तपकिरी डाग, मानेची कातडी जाड आणि चरे पडलेली. डावी बाजू मात्र तशीच्या तशी, तुकतुकीत. आणि बायको आयुष्यभर डावीकडेच होती. टेम्पोत ती डावीकडे बसायची, जेवायला बसताना डावीकडे, आणि पलंगावर उस्तादांची उजवी बाजू भिंतीकडे असायची. उस्ताद स्वतः आरशात बघत ते दाढीपुरतं, आणि दाढी करताना माणूस चेहरा बघत नाही, फेस बघतो. चौकातला पोलीस त्यांना खिडकीतून "आजोबा, पुढे घ्या" म्हणायचा आणि गाद्या चढवणारे हमाल दुसऱ्या बाजूने "दादा, थांबा" म्हणायचे. उस्तादांना वाटायचं, हा ज्याच्या त्याच्या संस्कारांचा प्रश्न आहे.

"दुरुस्त करून देऊ का?" फोटोवाल्याने विचारलं. "चुटकीसरशी होईल."

"करा की! चुकीची बाजू काढून टाका आणि बरोबरची लावा," बायको म्हणाली.

त्याने अक्षरशः तसंच केलं. डावा अर्धा भाग घेतला, उलटा फिरवला आणि उजवीकडे चिकटवला. उस्ताद एकदम वीस वर्षांनी तरुण झाले. डाव्या नाकपुडीजवळचा तीळ आता दोन्हीकडे आला, भांग बरोब्बर मधोमध पडला आणि शर्टाला दोन खिसे फुटले.

"आता कसे ह्यांच्यासारखे दिसतायत!" बायको खूश झाली.

खरं सांगायचं तर उस्तादही खूश झाले. एवढा देखणा माणूस आपल्या आत राहतो हे त्यांना माहीतच नव्हतं.

मंगळवारी ते लायसन्सच्या कचेरीत गेले. फोटो अर्जावर चिकटवला होता. खिडकीमागच्या बाईंनी तो यंत्रात चढवला आणि उस्तादांना समोरच्या छोट्या कॅमेऱ्याकडे बघायला सांगितलं. कॅमेरा समोरच्या माणसाचा चेहरा अर्जावरच्या फोटोशी ताडून बघायचा. त्याने ताडलं आणि लाल दिवा लावला.

"व्यक्ती जुळत नाही," बाई म्हणाल्या.

"अहो, मीच आहे तो."

बाईंनी चष्मा नाकावर ओढून फोटो बघितला. "फोटोत दोन तीळ आहेत. तुम्हाला एकच आहे."

"एकच आहे."

"मग दुसरा कुठे गेला?"

"तो… आलाच नव्हता."

बाईंनी पेन खाली ठेवलं. उस्ताद खिडकीशी वाकले. "मॅडम, दुसरा फोटो आणून देतो. आत्ता, दहा मिनिटांत."

"एकदा चढला की चढला. बदलायचा तर चौकशी लागते. पंधरा दिवस."

"शुक्रवारी माझं लायसन्स संपतंय हो! मग मी काय करू?"

"फोटोसारखे व्हा," बाई म्हणाल्या. त्यांचा चेहरा इतका गंभीर होता की फॉर्म निळ्या शाईत भरा म्हणतायत असं वाटावं. "तीन वेळा संधी असते. ही एक झाली. पुढचे!"

घरी आल्यावर बैठक बसली. लेक कपड्यांच्या दुकानात विक्रीला होती आणि तोंडाला काय काय लावता येतं ह्याचं तिला सखोल ज्ञान होतं. तिने वडिलांना खिडकीशी बसवून दोन्ही गाल नीट बघितले.

"बाबा, हे तर जिन्याच्या दोन बाजूंसारखं झालंय. एकीकडून रंग दिलाय आणि दुसरीकडून राहून गेलाय."

"मस्करी पुरे. होईल का?"

"होईल. पण हलायचं नाही आणि हसायचं तर अजिबात नाही."

बुधवारी सकाळी तिने उजव्या गालावर तीन थर दिले. सुरकुत्या बुजवल्या, डाग झाकले, मधोमध भांग पाडला आणि काळ्या पेन्सिलीने उजव्या नाकपुडीजवळ दुसरा तीळ काढला. तेवढ्यात बायको सुईदोरा घेऊन आली.

"हे कशाला?"

"फोटोत दोन खिसे आहेत."

"यंत्र काय खिसे मोजतं का गं?"

"काल तीळ मोजले ना? मग खिसे का सोडेल?" बायकोने जुन्या शर्टाचा खिसा कापून नव्या शर्टावर उजवीकडे शिवला. तो बोटभर खाली आला, पण घाईत त्याला इलाज नव्हता.

कचेरीबाहेर रांग होती आणि रांगेवर ऊन होतं. उस्तादांनी मान ताठ ठेवली. कुणाशी बोलले नाहीत, कुणी पत्ता विचारला तर नुसतं बोट दाखवलं. सगळं ठीक चाललं होतं. पण वर्षानुवर्षं टेम्पोत घाम आला की उजव्या बाहीला गाल पुसायचा, ही सवय हाडात मुरलेली. घामाचा एक थेंब कानशिलावरून ओघळला आणि हात आपोआप वर गेला. पुढच्या क्षणी गाल बाहीवर आणि बाही गालावर होती.

"काल दुसरा तीळ नाही म्हणत होतात," खिडकीमागच्या बाई म्हणाल्या, "आज आहे, पण हनुवटीवर आहे."

उस्तादांनी ओठ न हलवता नुसता हुंकार भरला. लेकीने हलायचं नाही म्हणून बजावलं होतं. यंत्राने लाल दिवा लावला आणि खाली अक्षरं उमटवली, 'चेहऱ्यावर आवरण'. बाईंनी मुकाट्याने कागदी रुमालांचा गठ्ठा पुढे सरकवला. उस्तादांनी सगळं पुसून काढलं. सहा रुमाल लागले. मग यंत्राने पुन्हा सांगितलं की व्यक्ती जुळत नाही.

"दोन झाल्या," बाई म्हणाल्या. आणि मग का कोण जाणे, त्यांचा आवाज जरा खाली आला. "जरा इकडे वळा बघू. आता तिकडे." त्यांनी शेजारच्या टेबलावरच्या कारकुनाला बोलावलं. "हे बघा हो. ह्या बाजूने बघा. आता ह्या बाजूने."

"बापलेक वाटतात," कारकून म्हणाला.

"वाहन चालवता का तुम्ही? फार वर्षं?" बाईंनी विचारलं. "मग आधी बोलायचं नाही का? चेहरा बदलला असेल तर त्वचेच्या डॉक्टरांचं पत्र चालतं. ते असलं की यंत्र काय म्हणतं ते बाजूला ठेवून मला सही करता येते. तुम्हाला तीळ काढायला कुणी सांगितलं होतं?"

गुरुवारी बायकोला घेऊन ते त्वचेच्या डॉक्टरीणबाईंकडे गेले. डॉक्टरीणबाई त्यांना बघून इतक्या आनंदल्या की उस्तादांना अवघडल्यासारखं झालं. भिंग आणलं, दिवा आणला, बाजूच्या खोलीतून दोन शिकाऊ डॉक्टरांना हाक मारली. "या, या, असं सगळं एकाच चेहऱ्यावर बघायला मिळत नाही! डावीकडे वय बघा. आता उजवीकडे बघा."

"पण मी काच लावून चालवायचो हो," उस्ताद म्हणाले. "ऊन लागलं असं कधी वाटलंच नाही."

"तीच तर गंमत आहे. ज्या उन्हाने कातडी भाजून लाल होते, ते साध्या काचेला बरंचसं अडतं. पण जे आत खोल जाऊन कातडी सैल करतं, सुरकुत्या पाडतं, ते खिडकीच्या काचेतून आत येतं. भाजत नाही म्हणून कळत नाही. एका दिवसात काही दिसत नाही, अठ्ठावीस वर्षांत सगळं दिसतं." बोलता बोलता त्यांचं भिंग उजव्या कानशिलावर थांबलं. "हे खरखरीत कधीपासून आहे?"

"ते होय? वर्ष झालं असेल. दाढी करताना पात्याला लागतं. खपली निघते, परत येते."

शिकाऊ डॉक्टरांनी माना पुढे काढल्या. बायकोने पर्सचा पट्टा घट्ट धरला.

"घाबरू नका," डॉक्टरीणबाई म्हणाल्या. "आत्ता हे साधं आहे. गार फवारा मारून आजच काढून टाकू. पण असंच सोडलं असतं तर काही वर्षांनी ह्याने वाईट वळण घेतलं असतं. बरं झालं आलात."

फवारा गार नव्हता, चांगला झोंबणारा होता. उस्तादांनी "आई गं" म्हणून डोळे मिटले. उघडले तेव्हा बायको उजव्या बाजूला येऊन उभी होती. त्या बाजूला ती बहुधा पहिल्यांदाच उभी होती. ती त्यांच्या गालाकडे, मानेकडे, दंडापर्यंत काळ्या झालेल्या हाताकडे बघत होती आणि तिच्या डोळ्यांत पाणी होतं.

"एवढी वर्षं शेजारी बसले," ती म्हणाली, "आणि मला दिसलंच नाही हो. मी मेली फोटोवाल्याला म्हटलं, चुकीची बाजू काढून टाका."

"अगं, मला तरी कुठे दिसलं?"

"तुम्हाला कसं दिसेल? तुम्ही रस्ता बघत होतात. मी काय बघत होते?"

उस्तादांनी तिचा हात धरला, पण दोन शिकाऊ डॉक्टर अजून बघत होते म्हणून लगेच सोडला.

डॉक्टरीणबाईंनी पत्र लिहिलं. पहिल्या ओळीत लिहिलं, की सदर चेहऱ्याच्या दोन्ही बाजू एकाच गृहस्थाच्या असून फरक उन्हामुळे पडलेला आहे. त्याखाली त्यांनी आणखी दहा-बारा ओळी लिहिल्या. त्या कोण वाचतो, म्हणून उस्तादांनी घडी घालून पत्र खिशात ठेवलं. उजव्या खिशात. बायकोने तो उसवला नव्हता, कारण एकदा शिवलाय तर राहू दे.

शुक्रवारी यंत्राने तिसऱ्यांदा लाल दिवा लावला. बाईंनी पत्राची पहिली ओळ वाचली, यंत्राला पाठ दाखवली आणि सही ठोकली. कॅमेऱ्याने त्याच वेळी काढलेला फोटो नव्या लायसन्सवर आला. दोन बाजू, एक तीळ. संध्याकाळी पाच वाजता उस्तादांनी लायसन्स मालकांच्या टेबलावर ठेवलं, आणि वाजवी कारण होतं हे कळावं म्हणून शेजारी डॉक्टरांचं पत्रही ठेवलं. नको तेवढा प्रामाणिकपणा अंगाशी येतो तो असा.

मालकांनी लायसन्सकडे बघितलंसुद्धा नाही. पत्र मात्र त्यांनी चष्मा लावून पहिल्यापासून शेवटपर्यंत वाचलं.

"उस्ताद, इथे लिहिलंय की अकरा ते चार उन्हात चालवायचं नाही."

"ते आपलं लिहायचं म्हणून लिहितात, मालक."

"पूर्ण बाह्यांचा शर्ट घालायचा, दर दोन तासांनी मलम लावायचं, तीन महिन्यांनी पुन्हा दाखवायचं. आणि खाली लाल शाईत लिहिलंय, 'दुर्लक्ष करू नये'. उद्या तुम्हाला काही झालं तर डॉक्टरीणबाई मला विचारतील." मालकांनी पत्राची घडी घातली. "सकाळी अकरापर्यंत टेम्पो तुमचा. चारनंतर तुमचा. मधल्या वेळात गोदामात."

उस्तादांना खुर्ची फिरल्यासारखी वाटली. एवढं करून शेवटी गोदामच! तीळ काढले, खिसे शिवले, कानशील गोठवून घेतलं, आणि आता साहेब म्हणायचंच.

"पण मग मधल्या वेळात टेम्पो कोण नेणार?" त्यांनी शेवटची काडी धरली.

"तोच तर विचार करतोय. चालू लायसन्स आणखी कुणाकडे आहे?" मालकांनी वही चाळली. "तुमच्या मेहुण्याकडे आहे. तो नेईल. आणि तो नसेल तेव्हा गोदाम तुम्ही सांभाळा. किल्ल्या, शिट्टी, रजिस्टर, सगळं."

उस्तादांनी आवाज शक्य तितका साधा ठेवून विचारलं, "म्हणजे अकरा ते चार टेम्पोवाल्याने माल न्यायचा तो माझ्या सहीने?"

"अर्थात."

शनिवारी अकराच्या ठोक्याला उस्ताद पाच वर्षांत पहिल्यांदा पायरी चढून आत गेले. मेहुण्याने शिट्टी गळ्यातून काढताना तोंड असं केलं, की जणू दात काढून द्यायला सांगितलाय. उस्तादांनी ती गळ्यात घातली, रजिस्टर उघडलं आणि म्हणाले, "वीस गाद्या. इथे सही करा. आणि वेळेत या."

दिवसभर त्यांनी एकच वाक्य घोळवलं. चार वाजता तो दारात आला, की म्हणायचं, 'नातं दाराबाहेर. इथे साहेब म्हणायचं.' पंख्याखाली बसून त्यांनी ते तीन-चार आवाजांत म्हणून बघितलं. त्यातला जरा नाकातून काढलेला आवाज त्यांना विशेष पसंत पडला.

टेम्पो चार वाजून सात मिनिटांनी आला. उस्तादांनी रजिस्टरवर 'सात मिनिटं उशीर' असं ठसठशीत लिहिलं आणि घसा साफ केला. मेहुणा दारात उभा राहिला. केस विस्कटलेले, शर्ट पाठीला चिकटलेला, आणि उजवा हात सबंध वेळ खिडकीबाहेर टेकवलेला असणार, कारण कोपरापासून मनगटापर्यंत तो लालबुंद झाला होता. उजवा गालही तसाच. डावा गाल अगदी ठीक होता.

"भाऊजी," तो धापा टाकत म्हणाला, "काच खाली केली ना, की काय वारा लागतो हो! आणि त्या पुलावर टेम्पो काय पळतो! पाच वर्षं मी ह्या चार भिंतींत काय करत होतो?" मग त्याने गालाला हात लावून बघितला. "इथे काहीतरी चुरचुरतंय. काही दिसतंय का हो?"

उस्तादांनी तोंड उघडलं. वाक्य तयार होतं, आवाजसुद्धा तयार होता. पण समोरच्या गालाकडे बघताना त्यांना डॉक्टरीणबाईंचं भिंग आठवलं, आणि आपली अठ्ठावीस वर्षं त्या पोराच्या तोंडावर पहिल्या दिवसाने सुरू होताना दिसली.

"बस इथे," ते म्हणाले. त्यांनी खिशातून मलमाची नळी काढली, मेहुण्याची हनुवटी धरून तोंड उजेडाकडे वळवलं आणि गालावर, कानावर, मानेवर चोपडायला सुरुवात केली. "आई गं, भाऊजी, हळू!"

"हलायचं नाही. सोमवारपासून हे लावल्याशिवाय मी माल सोडणार नाही. पूर्ण बाह्यांचा शर्ट घालून यायचं. हात खिडकीबाहेर दिसला तर रजिस्टरवर चढवीन. आणि उद्या ताईकडे येऊन तिला दोन्ही बाजू दाखवून जायच्या. कळलं?"

"हो साहेब," मेहुण्याच्या तोंडून निघून गेलं.

दोघंही दचकले. मेहुण्याचा डावा गालही लाल झाला. उस्तादांना वाटलं होतं, हे ऐकून आपली छाती फुगेल. पण त्यांनाच मेल्याहून मेल्यासारखं झालं.

"साहेब काय, गाढवा? भाऊजी म्हण," ते नळीचं झाकण लावत पुटपुटले. मग दाराकडे बघून, गाद्या चढवणारे हमाल ऐकत नाहीत ह्याची खात्री करून ते म्हणाले, "म्हणजे, चारचौघांत साहेब म्हटलंस तर माझी काही हरकत नाही."